दोनशे विड्यांचा वेळ

नाशकात वेळदुरुस्तीची कचेरी होती तेव्हा मी तिथे विड्या वळायला जात असे. आता त्या जागी कापडाचं दुकान आहे. वर जायचा लाकडी जिना तेवढा तसाच राहिला आहे. मी बोलायला कच्ची, म्हणून हे कधी कुणाला सांगितलं नाही. चौथीपर्यंत शिकले, तेवढ्या अक्षरांवर लिहून ठेवते. माझ्या मुलीच्या हाती हे पडू नये असंही वाटतं आणि पडावं असंही.

दुष्काळ सरून दोन-तीन वर्षं झाली होती. आम्ही बुद्धविहाराच्या मागच्या चाळीत एका खोलीत राहत होतो. हे पिंपळगावला कांद्याच्या खळ्यावर कामाला होते, रविवारी घरी यायचे. मी कारखान्याच्या विड्या वळायचे. एक दिवस कारखान्यात एक साहेब आले आणि म्हणाले, सरकारी कामाला सारख्या हाताच्या दोन बाया पाहिजेत. वीस जणींना एका ओळीत बसवलं. सकाळपासून संध्याकाळपर्यंत आम्ही वळत होतो आणि कारकून थोड्या थोड्या वेळाने येऊन सगळ्यांच्या सुपांतल्या विड्या मोजत होता. माझ्याहून चपळ बाया पुष्कळ होत्या. पण त्यांचा हात जेवणानंतर जड व्हायचा, गप्पा रंगल्या की पळायचा. माझ्या आणि सिन्नरकडच्या एका वयस्कर बाईच्या विड्या सकाळी, दुपारी, संध्याकाळी, केव्हाही मोजल्या तरी सारख्या निघाल्या. साहेबांनी आम्हा दोघींची नावं लिहून घेतली.

कारखान्यातून बाहेर पडताना ती बाई मला म्हणाली, "पोरी, तू बोलत नाय म्हणून तुझा हात सारखा चालतो. मी लय बोलते, पण माझ्या हाताला त्यातलं काय ऐकू जात नाय."

मी हसले. मग तिला आक्का म्हणायला लागले.

काही जागी वेळ बिघडतो, हे मला कचेरीत गेल्यावर कळलं. तोवर मला वाटे, दिवस लांबतो तो माणसाला, जागेला नव्हे. कुठे वेळ साचतो, कुठे आटतो. साचला की घरातली माणसं तक्रार घेऊन येत. साहेब, रॉकेल पुरत नाही. साहेब, तीनदा जेवलो तरी सूर्य डोक्यावरच. सकाळचं दूध दुपारी नासतं. बाहेर एक दिवस जाई तेवढ्यात त्यांच्या घरात सव्वा दिवस जाई, आणि सव्वा दिवसाचं खायला कुणाकडे असतं? म्हणून जास्तीचा वेळ काढून न्या, असा अर्ज करणारे बहुतेक गरीबच असत.

आधी मोजणी व्हायची. घड्याळाचा उपयोग नसे. ते बिघडलेल्या जागेत नेलं की तेही बिघडे आणि बाहेर आणलं तरी ताळ्यावर येत नसे. कचेरीत एक कपाट अशा घड्याळांनीच भरलं होतं आणि प्रत्येक आपापलं वाजवायचं. हाताचं तसं होत नाही. म्हणून मी घरात बसायचे आणि आक्का बाहेर, अंगणात किंवा रस्त्यावर. कारकून थाळी वाजवायचा, दोघी एकदम सुरू व्हायचो. आक्काच्या दोनशे विड्या झाल्या की पुन्हा थाळी, आणि मी हात थांबवायचा. माझ्याही दोनशे निघाल्या तर घर सरळ. जास्त निघाल्या तर वेळ साचलाय, कमी निघाल्या तर आटलाय. मी आत असायचे कारण मी गप्प. आक्का बाहेर, कारण बघे जमायचे आणि त्यांना कुणीतरी उत्तरं द्यायला लागत.

"मावशी, सरकार विड्या ओढायला लागलं का?" कुणी विचारायचा.

"ओढतंय, बाबा. तुझ्या खिशातली काडेपेटी दे," आक्का म्हणायची, आणि हात चालूच.

वेळ आटलेलं घर रिकामं करून दाराला लाख लावत. माणूस नसलं की वेळ आपोआप मुरून भरतो, असं साहेब सांगत. साचलेला काढायची रीत वेगळी होती. घरात एक लांब बाक न्यायचा आणि त्यावर माणसांना वाट बघायला बसवायचं. ही माणसं दुसऱ्या सरकारी कचेऱ्यांतून आणत. कुणाचं रेशनकार्ड अडलेलं, कुणाचा सातबारा. त्यांना सांगत, तिथे बसायचं ते इथे बसा, तुमचा कागद इथेच आणून देऊ. त्यांनी बोलायचं नाही, पेपर वाचायचा नाही, सुपारीसुद्धा कातरायची नाही. दुसरं काही केलं की ते वाट बघणं धरत नसत. नुसती वाट बघितली की वेळ संपत जातो. तीन-चार दिवसांत मोजणी दोनशेला दोनशे यायची. घरातल्यांना मग रॉकेल पुरायचं.

मला हे काम आवडत होतं. पंधरा दिवसांतून एखादं बोलावणं येई, बाकीचे दिवस मी घरी कारखान्याच्या विड्या वळायचे.

मला एकच मुलगी. तिला मी विडीच्या पानाला हात लावू दिला नाही. आमच्या चाळीतल्या पोरी सहावी-सातवीत आईशेजारी सूप घेऊन बसत आणि मग शाळा कधी सुटली ते कळतही नसे. माझी आईपण तशीच बसवून गेली मला. मला मुलीला मॅट्रिक करायचं होतं. नर्स होऊ दे, बालवाडीत शिकवू दे, पण खुर्चीवर बसू दे. याबाहेर मी काही मागितलं नाही.

ती मंद नव्हती, सावकाश होती. एक गणित तिला तीनदा करायला लागे, पण तिसऱ्यांदा ते पक्कं होई. शाळेत तिसऱ्यांदा करायला कोण थांबतं? तिच्या बाईंनी मला बोलावून सांगितलं होतं, "हिला घरी वेळ द्या. वेळ मिळाला तर ही सुटेल." मी मान हलवून आले. एका खोलीत किती वेळ देणार? पाणी भरणं, धुणं, शेजारच्यांचं भांडण, त्यातून उरेल तो.

ती दहावीला गेली त्या वर्षी दसरा झाला आणि आमच्या खोलीत वेळ साचायला लागला.

पहिल्यांदा रॉकेलच संपलं. मग मी पाहिलं की मुलगी दुपारी शाळेतून येते, जेवते, गणिताचा अख्खा धडा तीनदा करते, इतिहास वाचते, थोडी झोपतेसुद्धा, आणि नळाला चारचं पाणी अजून यायचं असतं. मी सुपातल्या विड्या मोजल्या. पाणी येईपर्यंत माझ्या जेवढ्या व्हायच्या त्याच्या सव्वापट झाल्या होत्या. दुसऱ्या दिवशी मोजल्या, तेवढ्याच.

माझं कामच ते. मी ओळखलं आणि गप्प बसले. आपल्या घरात असं झालं तर कळवायचं, हे आम्हाला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. कळवलं असतं तर बाक आला असता.

हे रविवारी यायचे आणि कुरकुरायचे. "तुझ्या घरी आलं की दुपार काही सरत नाही बघ. खळ्यावर बरा दिवस जातो."

"झोपा थोडं," मी म्हणायचे.

"झोपून उठलो ना दोनदा."

मुलीला मी काही सांगितलं नाही. तिला वाटत होतं, ती आता भरभर शिकायला लागली आहे. ते मला तिच्याकडून काढून घ्यायचं नव्हतं. ती मध्येच भुकेली व्हायची, म्हणून मी दोन भाकरी जास्त थापायचे आणि स्वतः कमी खायचे. सहामाहीत तिला गणितात पन्नास मिळाले. तोवर तीस-बत्तीसच्या वर ती कधी गेली नव्हती. पेपर घेऊन घरी आली तेव्हा चप्पल न काढताच आत आली होती.

आक्का एकदा सहज आली होती. चहा झाला, मिसरी लावून झाली, पोरीशी बोलून झालं. उठताना म्हणाली, "तुझ्याकडं बसलं की लय बसणं हुतं गं." मग माझ्याकडे पाहिलं, कोपऱ्यात वही घेऊन बसलेल्या मुलीकडे पाहिलं, आणि पदर खोचून निघून गेली. तिला कळलं हे मला कळलं. त्यावर आम्ही बोललो नाही. तिथेच बोलायला हवं होतं.

घात केला माझ्या विड्यांनी. मुलगी वाचत असताना मी हात बांधून कशी बसणार? मी वळत राहायचे, आणि ज्या जास्तीच्या होत त्या कारखान्यात न नेता ट्रंकेत ठेवायचे. विडी ट्रंकेत टिकत नाही. दमट होते, बुरशी धरते. महिन्याभराने झाकण उघडलं तर वास आला. चांगल्या, बारीक, एकसारख्या विड्या होत्या. त्या उकिरड्यावर टाकायला मी पदरात घेतल्या आणि मला टाकवेनात. ज्या अजून धड होत्या त्या वाळवून मी रोजच्यांत थोड्या थोड्या मिसळायला लागले. थोड्या म्हणता म्हणता जास्त झाल्या.

कारखान्यात तपासणाऱ्या चेकरने एक दिवस सगळ्यांसमोर विचारलं, "बाई, या दोन हातांच्या नाहीत. पोरगी बसवली का शेजारी?"

मी नाही म्हटलं.

"मग काय देव येतो वळायला?"

बाया हसल्या. त्याच्याकडे वेळदुरुस्तीचा एक हुकूम होता हे मी विसरले नव्हते; कुणाच्या विड्या एकाएकी वाढल्या तर नाव कळवायचं, म्हणजे वेळ साचलेलं घर सापडतं. पण तो ते खरोखर करत असेल असं वाटलं नव्हतं. त्याने केलं.

संक्रांत झाली आणि बोलावणं आलं. कचेरीत साहेबांनी चष्मा काढला, परत लावला. माणूस वाईट नव्हता. "बाई, या वेळी तुमचीच खोली आली आहे."

कारकून म्हणाला, "साहेब, स्वतःच्या घरी स्वतःच मोजायचं, हे चालतं का?"

"चालत नाही असं कुठे लिहिलेलं नाही. आणि असे हात मी दुसरे कुठून आणू?"

आक्का बाजूला उभी होती. ती जमिनीकडे बघत होती.

मी घरी येताना ठरवलं, हात हळू करायचा. दोनशेला अडीचशे होतात, तर मी पाचातली एक सोडायची. चार विड्या वळायच्या आणि पाचवीएवढा वेळ पान नुसतं हातात फिरवायचं. बरोबर दोनशे निघतील. परीक्षेला दोन महिने होते. दोन महिने एवढे निभले की मग बाक आणा, काहीही आणा.

मोजणीच्या दिवशी घर नेहमीसारखं चालू ठेवायचं असतं. मुलगी कोपऱ्यात भूगोल वाचत होती. मी दाराकडे पाठ करून बसले, सूप मांडीवर. थाळी वाजली. चार वळल्या, थांबले. चार वळल्या, थांबले. माझ्या हाताला ते जमेना. तो आपला पुढे जायला बघायचा आणि मी त्याला धरून ठेवायचे. कपाळावर घाम आला. मुलगीसुद्धा एकदा मान वर करून म्हणाली, "आई, बरं नाही का?" मी मानेनेच नाही म्हटलं. चार, थांबले. बाहेर आक्काचं बोलणं ऐकू येत नव्हतं. कधी नव्हे ती ती गप्प होती. ते मला खटकलं, पण मी मोजण्यात होते.

एकशे बासष्टावी विडी बांधत होते तेव्हा थाळी वाजली.

कारकून आत आला, माझ्या विड्या मोजल्या, पुन्हा मोजल्या. बाहेर जाऊन आक्काच्या मोजल्या. दोनशे. मी दारात गेले. आक्काचा पदर घामाने भिजला होता. दोऱ्याने तिचं बोट कापलं होतं आणि ते तिने तोंडात धरलं होतं. सुपाभोवती तंबाखू सगळीकडे सांडलेली. इतक्या वर्षांत तिच्या सुपाबाहेर चिमूटभर तंबाखू सांडलेली मी पाहिली नव्हती. तिने माझ्याकडे पाहिलं, माझ्या घामाकडे पाहिलं, आणि बोट तोंडातून काढलं.

मी आत हात हळू केला होता. तिने बाहेर हात पळवला होता.

साहेब म्हणाले, "कारखान्याने उलटंच कळवलं म्हणायचं. इथे वेळ आटलाय. चांगलाच आटलाय." मग मुलीकडे वळून म्हणाले, "कसा अभ्यास करतेस गं इतक्या कमी वेळात?"

ती म्हणाली, "मला तर पुष्कळ वेळ असतो."

"तसं वाटतं," साहेब म्हणाले. ते प्रेमाने म्हणाले.

त्याच दिवशी आम्ही भांडी, गाद्या आणि तिची पुस्तकं बाहेर काढली. दाराला लाख लागली. मी तेव्हा बोलले असते तर खोली वाचली असती. पुन्हा मोजणी, मग बाक, मग साधा वेळ तरी आपल्या घरात मिळाला असता. पण बोलायचं म्हणजे आक्काचंही सांगायचं. ती विधवा, मुलगा बघत नव्हता, कचेरीच्या कामावर तिचं पोट. हे एक कारण. दुसरं म्हणजे मी तिथे उभी होते, चाळीतली सगळी माणसं उभी होती, आणि माझ्या तोंडून शब्द येत नव्हता. कुठलं कारण खरं, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

आक्का कोपऱ्यावर माझी वाट बघत थांबली होती.

"तू सांगायचंस ना गं," ती म्हणाली.

"तुम्ही पण."

"मला वाटलं तू भोळी. तुला काय सुचायचं नाय. म्हनलं पोरीचं वरीस वाचवू."

मला तिचा राग यायला हवा होता. आला नाही. मी तिचं बोट माझ्या पदराच्या चिंधीने बांधलं आणि आम्ही दोघी दोन दिशांना गेलो.

देवळाली कॅम्पात यांचे मोठे भाऊ राहत होते, बाजारामागे दोन खोल्यांत, त्यांची पाच मुलं. तिथे आम्ही राहिलो. जाऊ वाईट नव्हती, पण घरात कुणीतरी सदा रडत असायचं, सदा जेवत असायचं. लष्कराचा सराव असला की तोफा उडत आणि फडताळातल्या ताटल्या वाजत. मुलगी कानात कापूस घालून बसायची. नाशकातल्या शाळेत यायला-जायला बस. घरी पोचून वही उघडली की दिवा लागायची वेळ झालेली. एका गणितावर ती एकदाच जायची. पहिल्या आठवड्यात ती मला म्हणाली, "आई, इथे दिवस लगेच संपतो." दुसऱ्या आठवड्यात काही म्हणाली नाही. मला दिसत होतं, तिला वाटत होतं की तिचीच बुद्धी परत गेली.

जून महिन्यात निकाल लागला. गणित आणि इंग्रजी, दोन्हीत राहिली. गणितात सहा मार्क कमी पडले.

तोवर खोली उघडली होती. मोजणीत सरळ आली, दोनशेला दोनशे. जास्तीचा वेळ कुठे गेला कोण जाणे. रिकाम्या घरात तो राहत नसावा.

ऑक्टोबरच्या परीक्षेचा फॉर्म मी आणला. ती म्हणाली, "नको आई. माझं डोकं तेवढंच आहे."

"तसं नाही गं."

"मग कसं?"

मी सांगितलं नाही. त्याऐवजी कचेरीत गेले. साहेबांसमोर उभी राहून आयुष्यात पहिल्यांदा मी कुणी न विचारता बोलले. म्हटलं, माझ्या घरी मोजताना मी हात हळू केला होता.

"किती हळू?"

"पाचातली एक सोडत होते."

आक्काचं नाव मी घेतलं नाही. साहेबांनी कागदावर आकडे मांडले. बराच वेळ मांडले. मग म्हणाले, "पाचातली एक. म्हणजे एकशे बासष्टाच्या दोनशे-दोन होतात. बाई, तुमची खोली सरळच होती की."

साहेबांनी कागद माझ्याकडे वळवला.

"सरळ खोली तुम्ही आटलेली दाखवलीत. स्वतःलाच घराबाहेर काढलंत. कशासाठी?"

अर्धं खरं सांगितलं तर त्याचं असं होतं. खोलीत वेळ साचला होता, माझ्या मुलीला त्यात गणित येत होतं, हे त्या कागदावर कुठेच नव्हतं. ते आणायचं तर आक्काला आणायला लागलं असतं. साहेबांनी वाट पाहिली. मग माझं नाव काढून टाकलं. दुसऱ्या दिवशी आक्कालाही घरी पाठवलं, कारण एकट्या हाताचा कचेरीला उपयोग नव्हता. ते माझ्या लक्षातच आलं नव्हतं. ती सिन्नरला भावाकडे गेली. निरोप आला होता, ठीक हाय, काळजी करू नको. मी भेटायला जायचं म्हणत राहिले. गेले नाही.

बोलावणं येईनासं झालं तशी मुलीने विचारलं, "आई, कचेरीतून शिपाई येत नाही आता?"

"हात थकले," मी म्हटलं.

ती माझ्या हातांकडे बघत बसली. मग उठली, भिजवलेल्या पानांचं फडकं ओढून घेतलं, कात्री घेतली आणि माझ्याशेजारी बसून पान कापायला लागली. पहिलं वाकडं गेलं. दुसरं बरं आलं. तिसऱ्यांदा तिने पत्र्याचा माप-तुकडा नीट धरला आणि पान अगदी बरोबर कापलं.

मी तिला थांबवलं नाही. तिच्या हातात कात्री कशी धरायची ते दाखवलं, कारण ती बोट कापून घेईल अशी भीती वाटली.